पाण्याची वाट

मी एक जुनी थापी आहे. माझे पाते झिजून निम्मे झाले आहे आणि लाकडी मूठ तडकली आहे. मित्रांनो, लोहाराने मला घडवले ते भिंती बांधण्यासाठी. एका गवंड्याच्या हातात मी कितीतरी घरे उभी केली. मग त्याची मुलगी प्राचीन ज्यू लोकांचा इतिहास शिकली आणि जमिनीखालच्या जुन्या वस्त्या शोधायला निघाली, तेव्हा त्याने मला घासूनपुसून तिच्या हाती दिले.

"जन्मभर मी भिंती चढवल्या, आता तू उकरत बस," तो म्हणाला. हसत होता, पण डोळे भरून आले होते.

त्या दिवसापासून मी त्या मुलीची, म्हणजे आमच्या बाईंची झाले. त्यांनी माझी कड कानशीने घासून पातळ केली. भिंत बांधताना मला घाई असे. इथे मात्र मातीचा एकेक पापुद्रा काढायचा. बाई गुडघे टेकून बसत आणि माझ्या टोकाखाली माती रंग बदलते का, ते बघत. उन्हाने त्यांची मान रापली, घरचे लोक लग्नाचे विचारून थकले, पण त्यांच्या मनात एकाच वस्तीने घर केले होते. एका टेकाडावर दोन हजार वर्षांपूर्वी ज्यू कुटुंबे राहत असावीत, असे त्यांना वाटे. बाकीचे विद्वान हसत.

एके सकाळी मी गिलाव्याला खणकन लागले. माती सारली तर पायरी. तिच्याखाली आणखी एक. खाली उतरत जाणारे छोटे कुंड होते ते. ज्यू लोक शुद्धीसाठी अशा कुंडात बुडी मारत. पण त्यात घागरींनी भरलेले पाणी चालत नसे. ते पावसाचे किंवा झऱ्याचे, आपसूक वाहत आलेले लागे. तशी पाण्याची वाट सापडली, तरच हे ते कुंड. नाहीतर गुरांना पाणी पाजायचे टाकेही असू शकते.

वाट सापडण्याआधी रस्ता आला. टेकाड फोडून तो पलीकडे न्यायचा होता. रस्त्याचे साहेब काही वाईट नव्हते. ते म्हणाले, "बाई, हे ज्यूंचंच कुंड आहे, एवढं लिहून द्या. मी आजच्या आज काम थांबवतो."

बाईंनी मला मुठीत गच्च धरले. "असावं, एवढंच म्हणू शकते. आहे म्हणायला मला अजून एक हिवाळा द्या."

"'असावं'वर रस्ता अडत नाही हो."

यंत्र चालले. बाई कडेला उभ्या होत्या. टेकाडाची कूस कापली गेली आणि उघड्या पडलेल्या मातीत आम्हाला ती दिसली. दगडात कोरलेली, वरच्या खडकाकडून थेट कुंडात उतरणारी पाण्याची वाट! बाई ओरडत धावल्या. मी तिच्यातली माती जेमतेम खरवडली, तोच मुकादमाने त्यांना दंडाला धरून मागे ओढले.

"बाई, अंगावर येईल!"

आणि खरेच सगळे खाली आले. पायऱ्यांसकट.

बाईंनी त्यावर लेख लिहिला. तो परत आला. त्या वाटेचा पुरावा कुठे आहे, असे विचारले होते. त्यात विचारणाऱ्याचे चुकले तरी काय? बाई शिकवत राहिल्या, पण पुढे पुढे तो विषय घ्यायलाही कोणी येईना. म्हातारपणी हात कापू लागले. त्यांची भाची समजूत घाली, "मावशी, तुला खरं काय ते कळलं ना? झालं तर मग."

"कळून काय करू, बाळा? माझ्याबरोबरच जाणार ते."

आणि तसेच झाले. बाई गेल्यावर भाचीने त्यांची पुस्तके वाचनालयाला दिली आणि मला बागेत रोपे लावायला घेतले. काम झाले की ती मला तिथेच मातीत खोचून जाते.

मित्रांनो, कोणी तुम्हाला "असावं" म्हणाले, तर त्याला थोडा वेळ द्या. जमीन एकदा उपसली की तिला पुन्हा काही विचारता येत नाही. ती पाण्याची वाट ओळखणारी आता मी एकटीच उरले आहे, आणि या ओल्या मातीत मला गंज खात चालला आहे.