निनादपोथीतला जतीन

कैनाडच्या मोकळ्या शेतातला मांडव सकाळीच भरून गेला होता. घोलवडच्या बागायतदारांच्या घरच्या बायका, पाड्यांवरची माणसं, तलासरीहून जीप करून आलेली कुटुंबं, सगळी एकाच रांगेत आणि सगळी गप्प. कुणी रेटारेटी करत नव्हतं. प्रत्येकाच्या घरातलं कुणीतरी गेलेलं होतं, आणि प्रत्येकाला त्याचा आवाज ऐकायचा होता.

पुढे सागवानी चौरंगावर निनादपोथी उघडी ठेवलेली होती. तिच्यात अक्षर नव्हतं. पानोपानी नुसती वर्तुळं, पाण्यात खडा टाकल्यावर उठतात तशी.

"अक्षर पुसलं, नाद उरला. देह जळला, नाद उरला," घोषानंद महाराज घोगऱ्या सुरात म्हणत होते. "आमच्या पंथात देव बघायचा नसतो, ऐकायचा असतो. बाहेरचे कान संसाराचे, ते बोटांनी घट्ट बंद करा. आतले कान आत्म्याचे. कपाळ चौरंगाला टेकवा."

माणूस तसं करी आणि थोड्या वेळानं थरथरत उठे. शेजारी उभ्या असलेल्यांना मात्र चकार शब्द ऐकू येत नसे. लोकांना भारून टाकलं होतं ते यानंच.

मांडवात शिरताना उमेश नावाच्या सेवेकऱ्याकडे फोन द्यावे लागत, तेही लॉक काढून. "कुलूपबंद फोन नाद अडवतो, ताई," असं सांगून तो फोन लाल कापडात गुंडाळी आणि पडद्यामागे नेई. शरीर सोडून गेलेला आत्मा पासवर्डपाशी येऊन अडतो, हे जागृतीला नवीनच होतं. पण आई बरोबर होती, म्हणून तिनं फोन देऊन टाकला.

जागृती बोर्डीच्या एका शाळेत विज्ञान शिकवायची. धाकटा भाऊ जतीन हायवेवर अपघातात गेला, त्याला वर्ष होत आलं होतं. मागच्या बैठकीला आई, चंपाबाई, एकटीच इथे येऊन गेली आणि घरी परतल्यापासून तिनं रक्तदाबाच्या गोळ्या सोडल्या. "जतीननंच सांगितलं," एवढंच म्हणाली. मग कपाटातल्या चांगल्या साड्या एकेक करून वाटायला लागली. दुपारी ओट्यावर फाटकाकडे तोंड करून बसायची, कुणी न्यायला येणार असल्यासारखी.

"तूही टेकव कपाळ," आई म्हणाली.

जागृतीनं कानात बोटं घातली. गार लाकूड कपाळाला लागलं. आधी नुसतं घुमलं, मागे कसलीशी बारीक धून वाजली, आणि मग जतीन बोलला.

"आई, औषध बंद कर. मी येतो तुला घ्यायला."

आवाज बाहेरून आलाच नव्हता. तो तिच्या कवटीच्या आत होता, अगदी त्याचाच, वाक्याच्या शेवटी किंचित खाली येणारा. जागृतीनं डोकं उचललं नाही. पुन्हा एकदा बोलेल, या आशेनं ती तशीच राहिली. उमेशनं खांद्याला हात लावला तेव्हा तिचे डोळे वाहत होते.

त्यांच्या मागे जिवली होती, पाड्यावरची, मजुरीला जाणारी. तिची पोर लाडकी तापानं गेली होती. जिवलीनं कपाळ टेकवलं, कितीतरी वेळ टेकवलं, आणि पडल्या चेहऱ्यानं वर बघितलं.

"नुसता घुमतंय, महाराज. माझी पोर बोलत नाय."

"रुसलीय ती," महाराज म्हणाले. "तापात तू तिच्याकडे लक्ष दिलं नाहीस. उपास कर आणि पुन्हा ये."

जिवली मान खाली घालून गेली.

घरी आल्यावर फाटक वाजलं की आईबरोबर जागृतीही दचकून बघायला लागली. तिला स्वतःचीच भीती वाटली. चाळीस मुलांना ध्वनी शिकवणारी बाई, आणि मनात एकच ओढ, पुन्हा जावं आणि पुन्हा ऐकावं. त्या ओढीपुढे आईच्या गोळ्यांचीही आठवण मागे पडत होती.

एका दुपारी वर्गाबाहेर पोषण आहाराचा टेम्पो मागे येऊ लागला, तशी त्याची रिव्हर्सची धून वाजली. जागृतीचा खडू थांबला. मांडवात जतीनच्या आवाजामागेही हीच धून होती. परलोकात टेम्पो कुठून आला?

संध्याकाळी तिनं आईच्या फोनवरचे जतीनचे जुने व्हॉइस मेसेज ऐकून काढले. तो सापडला, चिकूच्या बागेत फवारणी चालू होती त्या दिवसाचा.

"आई, पंप थांबव. औषध बंद कर, वारा फिरलाय. टेम्पो भरला की मी येतो तुला घ्यायला."

त्यातला पंप, वारा आणि टेम्पो तेवढे कापले होते.

पुढच्या बैठकीला जागृती आईला घेऊन गेली. पर्समध्ये शाळेतला ध्वनीच्या प्रयोगाचा नादकाटा होता. ती रांग सोडून सरळ चौरंगापाशी गेली, काट्यावर टोला दिला आणि त्याचा दांडा आईच्या कपाळाला लावला. "कान बंद कर. ऐकू येतं?"

"येतं," आई म्हणाली. "डोक्यात वाजतंय."

"आवाज हाडातूनही जातो," जागृती लोकांकडे वळली. "कान बंद केले की तो जास्तच मोठा वाटतो. शेजारच्याला ऐकू येत नाही, कारण लाकडाला त्याचं कपाळ लागलेलं नसतं."

"हा लोखंडाचा जड नाद आहे," महाराज म्हणाले. "पोथीचा नाद चैतन्याचा. विटाळू नका, बाई."

"आई, चौरंगाखाली हात घाल."

चंपाबाईंनी महाराजांकडे पाहिलं, लेकीकडे पाहिलं, आणि हात घातला. "वायर आहे," त्या सावकाश म्हणाल्या.

मग लोकांनीच चौरंग उलटा केला. खाली डबीएवढं यंत्र चिकटवलेलं होतं, हवेत आवाज न सोडता लाकूडच थरथरवणारा स्पीकर. वायर चौरंगाच्या पायातून सतरंजीखाली, तिथून पडद्यामागे उमेशच्या लॅपटॉपला. लॅपटॉपमध्ये सगळ्यांची माणसं होती, लाल कापडातल्या फोनमधून उतरवून घेतलेली. उमेश पळायला गेला, तो बाहेरच्या माणसांनी धरला. लोकांनी आपापले फोन परत घेतले आणि कुणीतरी पोलिसांना फोन लावला.

जागृतीनं आईला पूर्ण मेसेज ऐकवला, उघड्या कानांनी.

चंपाबाई खाली बसल्या. "म्हणजे तो मला बोलावत नव्हता?"

"नाही, आई. फवारा तुझ्या अंगावर उडू नये म्हणून पंप थांबवायला सांगत होता. आणि तुला घरी सोडणार होता."

चंपाबाई तोंडाला पदर लावून रडल्या.

"गेलेल्या माणसांचे आवाज तुमच्या फोनमध्ये आहेत, तुमचेच आहेत," जागृती म्हणाली. "हवं तेव्हा ऐका. पण ते कुणाच्या तोंडून नवा हुकूम सोडत नाहीत. औषध डॉक्टरला विचारून बंद करा. आणि चमत्कार दिसला की हात जोडण्याआधी चौरंगाखाली बघा. त्यानं कुठलाही खरा देव रागावणार नाही."

लोक पांगू लागले तरी जिवली जागची हलली नव्हती. ती जवळ आली.

"बाई, माझे जवळ फोन नव्हता. लाडकीचा आवाज कुठंच नव्हता."

"हो, मावशी. म्हणून त्यांना तो वाजवता आला नाही."

जिवलीनं उलट्या चौरंगावरून हात फिरवला.

"म्हणजे माझी पोर माझेवर रुसली नव्हती," ती म्हणाली.