रुगोतेची रुंद खुर्ची

मित्रांनो, माझ्यावाचून किगेझीच्या या डोंगरांत अँग्लिकन धर्मप्रांत उभाच राहिला नसता. बिशपची खुर्ची ज्या चर्चमध्ये, तेच कॅथेड्रल. आणि ती खुर्ची मी. अर्थात मला घडवणाऱ्या रुटाबा सुताराला हे कुणी सांगितलं नव्हतं. बिशप म्हणजे मोठा माणूस, एवढंच त्याच्या कानावर होतं. म्हणून त्याने मला दोघे बसतील एवढी रुंद केली. प्रत्यक्षात आलेले गृहस्थ काडीसारखे. धर्मप्रांत तेव्हा दूरवर पसरलेला, म्हणून वर्षातून एकदाच डोंगर चढून यायचे आणि माझ्या एका कोपऱ्यात बसायचे.

तेव्हा चर्च म्हणजे गवताची झोपडी. माणसं वाढली, तेव्हा एकाही रविवारची प्रार्थना चुकू नये म्हणून त्या झोपडीभोवतीच विटांच्या भिंती चढवल्या आणि माणसापुरतं दार ठेवलं. झोपडी मोडून त्या दारातून बाहेर काढली. मी आतच राहिले. पुढे धर्मप्रांताची वाटणी झाली, आम्हाला स्वतःचा बिशप मिळाला आणि आमच्या रुगोते गावचं चर्च कॅथेड्रल झालं. त्या दिवशी मला तेल लावलं. नंतर माझ्याखाली कोंबड्या अंडी घालू लागल्या, पण ते सोडा.

मग शहराला कॅथेड्रल हवंसं झालं. रेव्हरंड बाकुंझी ट्रक घेऊन आले. मी गेले असते तर रुगोते पुन्हा डोंगरावरचं एक साधं चर्च. त्यांनी मला उभी, आडवी, उलटी करून पाहिली. मी दारातून निघेना. मी लाकूड आहे. हट्ट मला शिकवावा लागत नाही. रेव्हरंडांनी करवत मागवली.

तेवढ्यात मातासंघाच्या केनीमा आजी आल्या आणि माझ्यावर ऐसपैस बसल्या.

"आजी, ही बिशपसाहेबांची जागा. उठा."

"अर्धी रिकामी आहे की रे. ये, तूही टेक."

"आम्ही फक्त खुर्चीचे हात कापणार आहोत."

"काप. माझे हात त्यांच्यावरच आहेत. डावीकडून सुरू करतोस की उजवीकडून?"

"अहो, वरून हुकूम आहे!"

"वर आम्ही राहतो, बाळा. हुकूम खालून आलाय."

बाकीच्या बायका ज्वारीच्या आंबट पेयाने, बुशेराने, भरलेला भोपळा घेऊन आल्या आणि माझ्याभोवती बसल्या. ट्रक रिकामा उतरला. पुढे कितीतरी दिवस त्या पाळीपाळीने माझ्यावर बसल्या, घेवड्याच्या शेंगा सोलत आणि सुनांची उणीदुणी काढत. एवढी माणसं माझ्यावर उभ्या आयुष्यात बसली नव्हती.

शेवटी धर्मसभेने कंटाळून धर्मप्रांताची आणखी एक वाटणी केली. एक शहराचा, एक रुगोतेचा. धर्मप्रांत असेच वाढतात, मित्रांनो.

तुम्हाला एवढंच सांगते, जुन्या लाकडाला वर्षातून एकदा तेल द्या. आणि करवत आणणार असाल तर आणा. मी अजून तेवढीच रुंद आहे.

आमचे नवे बिशप मागच्या महिन्यात आले. त्यांना कंबरदुखी आहे. ते प्लास्टिकच्या खुर्चीवर बसतात.