तो विनोद माझा होता

ठमी दिवाळीनंतर आमच्या आठवी ब मध्ये आली. तिचा बाप, सुका, जव्हारकडचा. भात कापून झाल्यावर तो घरच्यांना घेऊन बोईसरजवळच्या पाम गावात बांधकामावर आला होता.

पहिल्याच आठवड्यात मी तिला एक प्रश्न विचारला. ती म्हणाली, "माहीत नाय, बाई."

मी तिच्याच सुरात म्हटलं, "नाय नाय, ठमाबाई, नाही!"

वर्ग खदखदून हसला. मीही हसले. खरं सांगायचं तर मला बरंच वाटलं. पेंगणारी मुलं जागी झाली होती.

पुढे ती हजेरीला नुसता हात वर करू लागली. बुजरी असेल, असं मी धरून चालले. मग ती यायचीच थांबली.

तिच्या बाकावर बसणाऱ्या स्वराला मी विचारलं. ती खाली बघत म्हणाली, "सगळे तिला 'ठमाबाई नायनाय' म्हणतात. डबा खाताना, नळावर, सगळीकडे. दिग्विजयने तिच्या वहीवरही लिहिलं."

"मग मला कोणी सांगितलं का नाही?"

"बाई, नाव तुम्हीच पाडलं ना? आम्हाला वाटलं, चालतं."

माझे कान तापले. शाळेची तक्रारपेटी माझ्याच ताब्यात असते. दर शनिवारी ती रिकामी निघाली की मी समाधानाने कुलूप लावायचे.

संध्याकाळी रिक्षाने पामला गेले. पत्र्याच्या खोलीबाहेर ठमी भांडी घासत होती. मला बघताच ती उठून आत गेली. सुका हात पुसत पुढे आला.

"बाई, पोरीचं काय चुकलं का?"

"तिचं नाही. माझं चुकलं." मी सगळं सांगितलं. तो चिडला असता तर सोपं गेलं असतं.

"आमी असंच बोलतो, बाई," एवढंच तो म्हणाला.

मी दारातूनच आत सांगितलं, "ठमी, मी तुझी चेष्टा वर्गासमोर केली. माफीही वर्गासमोरच मागणार आहे, तू आलीस किंवा नाही आलीस तरी."



दुसऱ्या दिवशी वर्गासमोर ठमीची माफी मागून मी मुलांना सांगितलं, "हे मी सुरू केलं. तुम्ही माझ्याकडून शिकलात. ते थांबवायचं काम आता आपल्या सगळ्यांचं." दिग्विजयने मान खाली घातली. त्या दिवसापासून मी माझा डबा स्टाफरूममध्ये न खाता मुलांमध्ये बसून खाते. कोण एकटं बसलंय, ते तिथूनच कळतं.

पाचव्या दिवशी ठमी आली. स्वराने सरकून तिला जागा दिली. दिग्विजयने तिच्यासाठी नवी वही आणली होती. तिने ती घेतली नाही, आणि मीही तिला आग्रह केला नाही.

"मिटलं ना प्रकरण?" हेडसरांनी महिन्याभराने विचारलं. ठमी आता मुलींशी गप्पा मारते, कबड्डीत ओरडते. पण मी वर्गात पाऊल टाकलं की तिचे खांदे अजून आक्रसतात.