मुक्या पडद्यावरची दृष्ट

कडेगावच्या माळावर यंदा जाफरचा तंबू उभा राहिला, तो फौजदाराच्या हुकमाने. बोलपटांच्या काळातही जाफर हाताने यंत्र फिरवून तोच जुना मूकपट दाखवी: परक्यांनी बळकावलेला गड आपखुशीने लढायला आलेले मावळे परत घेतात. तो इथल्याच डोंगरात चित्रित झाला होता आणि मावळे झाले होते गावचेच तरुण. त्यांतला जोतिबा आता खरोखरच इंग्रजांविरुद्ध भूमिगत झाला होता. पोलिसांकडे त्याचे नाव होते, चेहरा नव्हता.

चेहरा पडद्यावर होता. पण पागोट्यांच्या त्या गर्दीत कोणता, हे गाव सांगत नव्हते. म्हणून फौजदाराने जोतिबाच्या आईला, साळूबाईला, पुढे बसवले. दर खेळाला ती पडद्यावरच्या लेकावरून हात ओवाळून कानशिलांवर बोटे मोडते, दृष्ट काढते, हे त्याला कुणीतरी सांगितले होते. तो तिचे हात पाहणार होता.

शेजारी रंगुबाई बसली होती. तिचा सिद्धूही त्या मावळ्यांत होता. पुढे सरकारी पलटणीत गेला आणि आफ्रिकेच्या वाळूत राहिला. घरी त्याची तसबीर नव्हती. तंबू आला की तो इथेच भेटे.

दांडा फिरवताना जाफर पुन्हापुन्हा साळूबाईच्या हातांकडे पाहत होता. म्हातारीचे हात तिच्या ताब्यात राहतील? जोतिबा अगदी शेवटी येई, बुरुजावर, तलवार उपसून. त्याआधी तटाच्या दोरावर सिद्धू दिसला, क्षणभर मागे वळून हसला. आणि साळूबाईचे हात उठले. त्या मुक्या अंधारात बोटे कडाकड मोडली.

"थांबव," फौजदार म्हणाला. "एवढा तुकडा कापून दे."

जाफरला वाटले, म्हातारीची नजर गेली. मग त्याने तिचा चेहरा पाहिला आणि निमूट कात्री उचलली. सिद्धूचे हसू त्याने फौजदाराच्या हाती ठेवले. सारा गाव मातीकडे पाहत राहिला.

पोलीस गेल्यावर साळूबाई रंगुबाईच्या पायांशी वाकली. रंगुबाईने पाय मागे घेतले नाहीत. कोऱ्या पडद्याकडे बघत ती म्हणाली, "एकदा सरकारनं न्हेला. आज तू धाडलास."

साळूबाईने तिच्या पायांवर कपाळ टेकले.

"ऱ्हाऊ दे. तुझा जिता हाय."

मग रंगुबाईने त्या कोऱ्या कापडावरून हात ओवाळले, कानशिलांवर टेकले आणि दाबले. एकही बोट वाजले नाही.