कोवाचेविचांचं सूतक

नातजावई गोरा आहे याचं गुणाजी धामणसेंना काही वाटलं नाही. तो सुके बोंबील चवीने खातो म्हटल्यावर तर अजिबातच नाही. घोडं अडलं ते त्याच्या भावकीपाशी.

वरसे गावात गुणाजींसारखा सूतक पाळणारा दुसरा नाही. भावकीत कोणी गेलं, मग तो जन्मात तोंड न पाहिलेला धामणसे का असेना, दहा दिवस म्हातारा देवाला हात लावणार नाही. आडनाव एक, तर सूतक एक. पुढे बोलायचं काम नाही.

त्यांची नात दिशा रोह्याच्या एका केमिकल कंपनीत लॅबमध्ये आहे. तिथे मशीन बसवायला क्रोएशियाहून दामिर कोवाचेविच आला. मशीन कधीच बसलं, पण हा राहिला. दिशाच्या बापाने, हर्षदने, रोह्याशेजारच्या अष्टमी गावातला हॉल धरला. मुहूर्त मोसमातला शेवटचा. पुढे चातुर्मास, तुळशीच्या लग्नापर्यंत वाजंत्री बंद, आणि तोवर दामिरचा व्हिसा संपून तो परत जाणार. म्हणजे हा मुहूर्त हुकला की लग्न लोंबकळलंच.

मुहूर्ताला पंधरवडा उरला असताना जेवणाच्या पाटावर गुणाजींनी कुळ विचारलं. दामिरला मराठी मोडकीतोडकी, म्हणून दिशाने समजावून सांगितलं. कोवाच म्हणजे लोहार, कोवाचेविच म्हणजे लोहाराचा पोर. तिकडे गावोगाव लोहार, म्हणून गावोगाव कोवाचेविच. क्रोएशियात आहेत, सर्बियात आहेत, कोणी या चर्चचे, कोणी त्या चर्चचे, काही तर मशिदीत जाणारे. बहुतेकांचं एकमेकांशी काही नातं नाही.

शेवटचं वाक्य गुणाजींच्या कानात शिरलंच नाही. केवढी ही भावकी! त्यांना हेवाच वाटला. सगळी खुशाल ना, त्यांनी मायेने विचारलं. आता अशा वेळी माणसाने मान डोलवावी की नाही? पण हा पडला इंजिनियर, बघितल्याशिवाय बोलणार नाही. त्याने मोबाईल काढला. तिकडच्या पेपरांत मेलेल्यांची पानंच्या पानं येतात. सर्बियातला कोणी म्हातारा शिंपी, कोवाचेविच, नुकताच वारला होता.

गुणाजी भरल्या ताटावरून उठले. नवरदेवाला सूतक, हळद लागायची कशी?

तेव्हापासून रोज सकाळी चहाच्या आधी म्हातारा दामिरला फोन करून खुशाली विचारी, आणि रोज कोणीतरी गेलेलं असे. कधी ट्रामचा ड्रायव्हर, कधी नर्सबाई. एका शंभरीच्या आजीसाठी तर गुणाजींना खरंच हळहळ वाटली. हर्षदने पेणच्या भटजींना आणलं. ते म्हणाले, सुतकात आलेलं सूतक पहिल्याबरोबरच फिटतं, लग्नाआधी मोकळे व्हाल. गुणाजींनी विचारलं, फिटलं त्याच्या दुसऱ्या सकाळी नवीन मेला तर? भटजी दक्षिणा न घेता निघून गेले.

दिशाने रडून डोळे सुजवून घेतले. शेवटी तिची आजी शकू भाकरी थापता थापता बोलली.

"सूतक कळल्यापासना लागतंय. कळलाच नाय, तर कसला सूतक?"

गुणाजींना पटलं. तोडीस तोड शास्त्र होतं, आणि तेही घरचंच. त्यांनी लगेच दामिरला बोलावून घेतलं आणि हात पुढे केला. मोबाईल दे, लग्न होईपर्यंत तांदळाच्या कणगीत राहील. दिशाने त्याला नियम सांगितला. कळलं नाही, तर सूतक नाही.

सगळ्यांना वाटलं, आता हा हसेल. तो हसला नाही. मोबाईल घट्ट धरून बसून राहिला.

"माझे बाबा," तो म्हणाला. "मला कळलं नाय."

मग दिशाने हळूहळू विचारून घेतलं. हा चार वर्षांचा होता, तिकडे लढाई चालू होती. बाप पाव आणायला बाहेर पडला तो आलाच नाही. मढं नाही, निरोप नाही. आई मरेपर्यंत त्याचं ताट मांडत राहिली. आणि ती मेलेल्यांची पानं काही तो गुणाजींसाठी बघत नव्हता. मोठा झाल्यापासून रोज सकाळी तेच बघायचा, एका कोवाचेविचचं नाव येतंय का म्हणून. दिशालाही हे ठाऊक नव्हतं.

 गुणाजी उठले आणि गुडघे दुखत असतानाही त्याच्यासमोर जमिनीवर बसले.

"आमच्यात बारा वर्सा वाट बघतात, मग गेला म्हनतात. तू तर तीस बघितलीस." त्यांनी त्याच्या खांद्यावर हात ठेवला. "आता मी सांगतो तुला. तुजा बापूस गेला, पोरा."

दामिर लहान मुलासारखा रडला. शकूने चुलीवरचा तवा उतरवला.

हर्षदने चाचरत मुहूर्ताची आठवण केली. गुणाजी म्हणाले, मुहूर्त गेला उडत. दहा दिवस हा आपल्या घरी बसेल, बाराव्याला गोड करू, आणि मग चातुर्मास असला तरी लग्न मी उभा राहून लावीन, कोणाला अडवायचं असेल त्याने समोर यावं. दिशा बाहेर ओटीवर गेली आणि हॉल नको म्हणून हॉलवाल्याला तिनेच फोन लावला.

संध्याकाळी अख्खी धामणसे भावकी आली. कोणी काही न विचारता सतरंजीवर बसली. गुणाजींची चुलत भावजय ठमाबाई दामिरजवळ सरकली आणि रीतीप्रमाणे तिने हळूच विचारलं, "कदी गेलं रं बाबा?"

दामिरने एकदा गुणाजींकडे पाहिलं.

"आज कळलं," तो म्हणाला.