सातवी चाल

हरिदास रामटेकेच्या कॅसेटवर सात चाली होत्या आणि सातही त्याच्या स्वतःच्या, असं कव्हरवर छापलं होतं. सहांच्या बाबतीत ते खरं होतं.

ब्रह्मपुरीकडच्या त्या गावात सॅक्सोफोन म्हणजे वरातीपुढचं वाकडं पितळी वाजंत्र. हरिदास डोमाभाऊंच्या बँडमध्ये ते वाजवायचा, पण त्याचा जीव अडकला होता जॅझमध्ये. नागपूरच्या रेल्वे कॉलनीतल्या एका म्हाताऱ्या ख्रिस्ती मास्तरांकडे तीन वर्षं जाऊन तो ते शिकला होता. मास्तर सांगायचे, आधी चाल नीट सांगायची, मग तिला सोडून हवं तिथं भटकायचं, पण शेवटी घरी यायचं. घरी येता येत नसेल त्याने भटकूच नये. गावाला यातलं काही कळत नव्हतं. हरिदासचं डोकं फिरलंय एवढं कळलं होतं, आणि तेवढ्यावर गाव समाधानी होतं.

सातवी चाल भिंतीपलीकडून आली.

पंच्याऐंशीच्या पावसाळ्यात शेजारच्या गोकुळाबाईचा बिरजू गावतलावात बुडाला. चोवीस वर्षांचा, लग्नाला आलेला, मासेमार ढिवराच्या घरात पाण्यावरच वाढलेला. पण डोंगा उलटला आणि पाय कमळाच्या देठांत अडकले. गोकुळाबाई विधवा, आता घरात एकटी. रोज दिवस कलला की ती अंगणात बसून सुरात रडायची. तिकडे बाया अशाच रडतात, गेलेल्याचे गुण सांगत, त्याला हाका मारत. शब्दही जिचे तिचे आणि सूरही जिचा तिचा. दुसरीचं रडणं उचलावं, हे कोणाच्या डोक्यातही येत नाही.

हरिदासच्या डोक्यात आलं. पहिल्या दिवशी त्याच्याही डोळ्यांत पाणी होतं, खोटं कशाला बोलायचं. तिसऱ्या दिवशी तो भिंतीला पाठ लावून, सॅक्सोफोन मांडीवर घेऊन, न फुंकता नुसती बोटं चालवत होता. तेरवीपर्यंत चाल जवळजवळ हाती आली. नेमकं शेवटचं वळण, ती घरी येते ते, अर्धंच सापडलं. आणि तेरवीनंतर गोकुळाबाई गप्प झाली. चार दिवस गेले, आठ गेले. बरं झालं, सावरली बिचारी, असं गाव म्हणालं आणि तिच्यासमोर पोराचं नाव काढेनासं झालं. हरिदासला मात्र चैन पडेना. नवव्या दिवशी तो कुंपणातून तिच्या अंगणात गेला.

“बाई, बिरजूचं जाळं कुठी आहे? मले पायजे होतं,” तो म्हणाला.

त्याला मासोळी धरता येत नव्हती. जाळं फेकायला गेला असता तर जाळ्यामागोमाग स्वतःच तलावात पडला असता. पण ज्यासाठी विचारलं ते झालं. बाईने पदर डोळ्यांना लावला, सूर धरला, आणि हरिदास खाली मान घालून पुढ्यात बसला. येणाऱ्याजाणाऱ्यांना वाटलं, पोरगा मोठा मायाळू. तो शेवटचं वळण मोजत होता: तीन सूर खाली, मग ‘बिरजू’ म्हणताना एक अर्धवट वर. घरी जाऊन त्याने ते वहीत टिपलं. त्या दिवसापासून बाई पुन्हा रोज संध्याकाळी थोडी रडू लागली, पण हरिदासचं काम झालं होतं.

नागपुरात कॅसेट तयार झाली. ड्रमवाल्याच्या आग्रहाखातर ती चाल दुप्पट लयीत घेतली, तेव्हा आता कोणी ओळखणार नाही असं हरिदासने स्वतःला समजावलं. बाकीच्या सहा चाली लोक पुढे पळवायचे. सातवी मात्र सिंदेवाहीपासून चंद्रपूरपर्यंतच्या बँडवाल्यांनी उचलली आणि वरातीत पोरं तिच्यावर घामाघूम होऊन नाचू लागली. कोणी वाहवा केली की हरिदासला तोंडावर हसू आणावं लागायचं.

पुढच्या उन्हाळ्यात गावातलीच एक वरात गोकुळाबाईच्या दारावरून निघाली. डोमाभाऊंनी नेमकी तिथंच सातवी वाजवायला सांगितलं. ओठ फुटलाय म्हणता आलं असतं, सॅक्सोफोनची पत्ती चिरलीय म्हणता आलं असतं. पण पोरांनी शिट्ट्या मारल्या आणि हरिदास भुलला. जीव तोडून वाजवता वाजवता त्याने मान वर केली, तर फाटकाचा बांबू धरून गोकुळाबाई उभी होती, कान देऊन ऐकत.

दुसऱ्या दिवशी सकाळी तिचा निरोप आला. हरिदास शिव्या खायच्या तयारीने गेला. खरं तर त्याला शिव्या हव्याच होत्या. बाईने खाट टाकली, चहा दिला. चाल पहिल्या फेरीलाच ओळखली, म्हणाली. बिरजूचं लगन राहून गेलं होतं. काल वाटलं, त्याचीच वरात दारावरून चालली आहे. मग ती आत गेली आणि जाळं घेऊन आली. कुजलेला भाग काढून नव्या दोऱ्याने विणलेलं, खाली नव्या शिशाच्या गोळ्या लावलेल्या.

“तेरवी झाली आन् साऱ्यायनं त्याचं नाव टाकलं,” ती म्हणाली. “तू एकटाच आला विचाराले. तवापासून विणून राह्यली तुह्यासाठी. घे.”

जाळं त्याच्या मांडीवर आलं. मुकाट्याने घेतलं असतं तर बाईचं समाधान झालं असतं, जाळं त्याच्या खुंटीवर पडून राहिलं असतं, आणि कोणाचं काही बिघडलं नसतं. पण वर्षभराची लाज साचली होती. ती हरिदासला आणखी पेलवेना.

“मले जाळं नव्हतं पायजे, बाई. तुमी गप झाल्या होत्या. तुमी रडावं म्हणून आलो होतो. माही चाल अर्धी राह्यली होती.”

गोकुळाबाईने जाळं त्याच्या मांडीवरून उचललं आणि हळूहळू त्याची घडी घातली.

“हे सांगाची काय गरज होती तुले?” ती म्हणाली. “चहा पी. थंडा होते.”

त्या दिवशी हरिदास पोटभर जेवला. कितीतरी महिन्यांनी त्याला हलकं वाटत होतं. संध्याकाळी भिंतीपलीकडून काही ऐकू आलं नाही, तेव्हा कुठे त्याच्या ध्यानात आलं की आपलं ओझं आपण कुठं नेऊन टाकलं. दुसऱ्या दिवशीही आवाज नव्हता, महिन्याभरानेही नव्हता. गावाने टाकलेलं नाव विचारायला कोणीतरी आलं होतं, एवढंच बाईजवळ उरलं होतं, आणि तेही त्याने काढून घेतलं होतं.

शेवटी एका संध्याकाळी त्याने भिंतीशी बसून सॅक्सोफोन ओठांना लावला. चाल तिच्या मूळच्या संथ लयीत वाजवली, कुठेही न भटकता, आणि बिरजूच्या नावाशी येऊन थांबला. तो सूर तिचा होता. तिने घ्यावा म्हणून त्याने जागा सोडली.

पलीकडे गोकुळाबाई अंगण झाडत होती. खराटा थांबला. मग खराटा पुन्हा चालू झाला, आणि अंगण झाडून होईपर्यंत चालू राहिला.