टॅकेटचा क्लोजअप

"मी काठीशी बोलणार नाही," असं म्हणून ऑर्विल टॅकेट सरळ खुर्चीत बसला.

काठी म्हणजे दिव्याचा रिकामा स्टँड. त्यावर पांढरी पट्टी चिकटवली होती आणि तिच्याकडे बघत टॅकेटने, म्हणजे सिनेमातल्या बापाने, तुरुंगातून सुटलेल्या मुलाला माफ करायचं होतं. मुलाचं काम करणारा हिरो, क्लिफ मर्सर, टेनिस खेळायला निघून गेला होता. त्याची वाक्यं मी वाचणार होते. माझं काम खरं तर दृश्यांची नोंद ठेवण्याचं, पण हॉलिवूडची रीतच तशी. सकाळी हिरोचा क्लोजअप असतो, तेव्हा म्हाताऱ्या नटाने कॅमेऱ्याशेजारी उभं राहून त्याच्यासाठी जीव ओतायचा. दुपारी म्हाताऱ्याची पाळी येते, तेव्हा हिरो पसार, आणि समोर नाकात बोलणारी विनी, म्हणजे मी.

टॅकेटने हे सव्वीस वर्षं निमूट सोसलं होतं. डॉक्टर, शेरीफ, न्यायाधीश, तार आणणारा माणूस, असे त्याचे शंभरावर सिनेमे झाले होते. तरी लोक त्याला रस्त्यात अडवून विचारत, "तुम्हाला कुठंतरी पाहिलंय हो. आमच्या बँकेत का?" तोही हो म्हणून मोकळा होई. त्या दिवशी सकाळी क्लिफसाठी त्याने तेच दृश्य अकरा वेळा केलं आणि अकराही वेळा तो खरा रडला. कॅमेरा त्याच्याकडे नव्हताच. माझ्या अंगाचा नुसता तिळपापड झाला होता.

"ऑर्विल, नाटकं नकोत," आमचा दिग्दर्शक हॅलोरन म्हणाला. "अर्ध्या तासात उरकू."

"उरकायचंय ना? मग क्लिफला बोलवा."

"अरे, हिरो आहे तो!"

"या दृश्यात माझा मुलगा आहे."

वर मचाणावर दिवेवाले फिसकन हसले. हॅलोरन लालबुंद झाला. खुर्चीजवळ जाऊन त्याने आवाज खाली आणला, पण मला सगळं ऐकू येत होतं.

"शुक्रवारी तुझा करार संपतोय. नवा करायचा की नाही, हे मला विचारून ठरणार आहे."

"ठाऊक आहे."

"त्याला परत बोलवायला लावलंस, तर शुक्रवारनंतर तुला फाटकातही कुणी घेणार नाही."

"आज बुधवार आहे," टॅकेट म्हणाला. "बोलवा त्याला."

एकसष्टाव्या वर्षी त्याला दुसरा कुठला स्टुडिओ दारात उभं करणार होता?

"मिस्टर टॅकेट, मी नीट वाचीन हो," मी म्हणाले.

"तू छानच वाचतेस, पोरी. पण तू तुरुंगातून सुटून आलेली नाहीस."

पाऊण तासाने क्लिफ आला, टेनिसच्या पांढऱ्या कपड्यांत, धुसफुसत. "काय म्हातारबा, माझ्यावाचून करमेना का?"

"नाही करमत. उभा राहा इथं."

कॅमेरा सुरू झाला. पहिली दोन वाक्यं क्लिफने कशीबशी उरकली. मग टॅकेटने त्याच्याकडे मान वर करून पाहिलं. क्लिफने तिसरं वाक्य, "बाबा, घरी येऊ का?", म्हणायला तोंड उघडलं, आणि आवाजच फुटेना. हॅलोरनचा हात कॅमेरा थांबवायला वर गेला. टॅकेट थांबला नाही. पोराला बोलता येत नाही म्हणून वाट पाहणारा बाप होऊन तो पाहत राहिला, आणि न विचारलेल्याचं उत्तर दिलं: "ये."

हॅलोरनने हात खाली घेतला. दुसरा टेक मागण्याचं धाडस कुणाचंच झालं नाही.

शुक्रवारी हॅलोरनने आपला शब्द पाळला. पण त्या बुधवारी दुपारी क्लिफ निघून गेल्यावर टॅकेट माझ्या टेबलाशी आला.

"काय लिहिलंस?"

"पहिलाच टेक. उत्तम."

"आणि समोर कोण होतं?"

"ते लिहायची पद्धत नाही."

"लिही."

मी लिहिलं: समोर क्लिफ मर्सर, स्वतः हजर. टॅकेटने चष्मा लावून ते वाचलं. मग माझ्या हातातली पेन्सिल घेऊन त्याने 'हजर'च्या खाली ठळक रेघ ओढली.